कणकुंबी ते सौंदत्ती : मलप्रभेच्या काठाने, छपरं बघत

जुलैत चोर्ला घाटात गर्दी असते ती धबधब्यांपुढे फोटो काढणाऱ्यांची. मला बघायची होती घरांची छपरं. त्यासाठी याच्याइतका चांगला महिना नाही, कारण छपराची परीक्षा तेव्हाच चालू असते.

सुरुवात कणकुंबीला केली. माउलीच्या देवळापाशी मलप्रभा उगम पावते. तिच्या काठाने खाली सौंदत्तीजवळच्या नविलुतीर्थ धरणापर्यंत जायचं, एवढाच बेत. जिल्हा एकच, बेळगाव; नदीही एकच. पावसाचं मात्र तसं नाही. अरबी समुद्रावरून आलेला वारा सह्याद्रीला धडकून वर चढतो, थंड होतो आणि घाटमाथ्यावरच जवळजवळ सगळं ओझं उतरवतो. पुढे पूर्वेला उतरताना तो गरम आणि कोरडा होत जातो. खानापूर तालुक्यातल्या आमगावात २०१० साली १०,००० मिलिमीटरच्या वर पाऊस नोंदला गेला. त्याच कलेक्टरच्या हद्दीत अथणीकडे वर्षाला ५००-६०० मिलिमीटर पडला तरी लोक बरं वर्ष म्हणतात.

कणकुंबीतल्या जुन्या घरात शिरताना वाकावंच लागतं. दार ठेंगणं नाही, वळचणच खाली आलेली असते. भिंती जांभ्या दगडाच्या. हा दगड खाणीत असताना मऊ असतो, कुऱ्हाडीसारख्या हत्याराने चिरे पाडता येतात. हवा लागली की कडक होत जातो. पण सतत भिजत राहिला तर त्यालाही ओल धरतेच, म्हणून छप्पर भिंतीच्या बरंच पुढे काढून खाली ओढायचं. इथला पाऊस सरळ पडत नाही, पश्चिमेकडून तिरका मारतो. त्या बाजूला खिडकी जवळपास नसतेच. भिंतीला गवताचा कूड टेकवतात, आणि हल्ली त्यावर निळी ताडपत्री.

ज्यांच्याकडे थांबलो होतो त्या मावशींच्या सोप्यात दुपारी बारालाही दिवा लागत होता. एका कोपऱ्यात सरपण, शेणी, वर माळ्यावर मिरच्या, बियाणं, चुलीवरच्या दांडीवर ओली घोंगडी. "मिरगाच्या आधी घरात आलं ते आपलं, मागनं काय गावत नाही बघा," त्या म्हणाल्या. चार महिन्यांचं जगणं मे महिन्यातच आत भरून ठेवलेलं असतं. चुलीचा धूर कौलांच्या फटींतून निघून जातो आणि जाता जाता वाशांवर काजळी धरतो, त्यामुळे लाकूड किडत नाही. शहरातून आलेल्या माझ्या डोळ्यांना तो धूर सोसला नाही, हे सांगितलं पाहिजे. त्या रोज सोसतात.

शेजारी पुतण्याने स्लॅबचं घर बांधलंय. आत भिंतीवर हिरवट-काळी बुरशी, आणि स्लॅबच्या वर लोखंडी खांब ठोकून पत्र्याचं छप्पर. असं दृश्य पुढे जांबोटीपर्यंत ठिकठिकाणी दिसलं. आधी सपाट स्लॅबला पैसे घालायचे आणि मग त्यावर उतरतं छप्पर चढवायचं. खर्च दोनदा झाला, पण उतार काही चुकला नाही!

खानापूर हे तर कौलांचंच गाव. इथली माती चांगली, म्हणून कुंभारकाम आणि कौलांचे कारखाने. कुंभारकाम शिकवणारी केंद्रीय संस्थाही इथे आहे. आधी नळ्यांची कौलं होती. वाऱ्याने, माकडांनी ती सरकायची, मग दर मे महिन्यात वर चढून शाकारणी करावी लागे. बासेल मिशन या ख्रिस्ती मिशनऱ्यांच्या संस्थेने १८६५ साली मंगळुरात खाचांची कौलं काढली, ती एकमेकांत अडकून बसतात. इकडच्या कारखान्यांनीही तोच नमुना उचलला आणि शाकारणीचं काम निम्म्यावर आलं. आता ते निम्मं करायलाही माणूस मिळत नाही, अशी तक्रार रस्त्याने जाताना सगळीकडे ऐकली. पत्रा वाढण्याचं खरं कारण मला हेच वाटतं. फॅशन वगैरे नंतर.

बेळगाव शहर मधलं. उंची साडेसातशे मीटरच्या आसपास, पाऊस साधारण १,३०० मिलिमीटर. कॅम्पातले बंगले, गल्ल्यांमधली कौलारू घरं. बेळगावकर पावसाची तक्रारही करतात आणि त्याचा तोराही मिरवतात. मी तिथे फक्त कुंदा घेतला.

बैलहोंगल मागे पडलं की आभाळ मोठं होतं. काळी जमीन, कापूस, ज्वारी. आणि छपरं दिसेनाशी होतात, कारण ती सपाट आहेत. सौंदत्तीच्या अलीकडे एका मोठ्या माळवदाच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या घरात थोडा वेळ बसायला मिळालं. मातीच्या भिंती हातभर जाड. वर तुळया, फळ्या, काटक्या, मग मातीचा थर आणि शेवटी खारी माती. ती भिजली की बारीक होऊन पसरते, फटी बुजतात, पाणी आत येत नाही. गवतही सहसा उगवत नाही. हलक्या पावसाला एवढं पुरतं; कणकुंबीची एक झड या घराला पुरून उरली असती. उजेडासाठी छतात सवणं, म्हणजे झरोके; पाऊस आला की त्यावर झाकण सरकवायचं.

इथे जाड भिंत आहे ती उन्हासाठी. दिवसभर ती ऊन पिते आणि रात्री सोडू लागते, तोवर माणसं वर माळवदावर झोपायला गेलेली असतात. मिरच्या वाळवायच्या तिथेच, धान्यही तिथेच, आणि शेजारणीशी भांडायचंही तिथूनच.

नविलुतीर्थाला पोचलो तेव्हा धरणात लाल गढूळ पाणी चढत होतं. काठावरचा शेतकरी त्याच्याकडे पाठ करून आभाळ बघत होता. त्याच्या रानात पेरणीपुरताही ओलावा नव्हता. वरचा पाऊस असा खाली येतो. २०१९च्या ऑगस्टमध्ये तो इतका आला की खाली रामदुर्ग तालुक्यात नदी गावांत शिरली. वरून पडणारं थोडं पाणी झेलायला बांधलेल्या मातीच्या भिंती खालून चढलेल्या पाण्यात बसल्या. ज्या ढगांनी ते पाणी दिलं, ते त्या गावांवर आलेही नव्हते. पुरानंतर लोकांनी सिमेंट मागितलं यात त्यांना कोण दोष देणार?

माळवदाच्या घरातल्या अज्जी कन्नड-मराठी मिसळून बोलत होत्या. मुलाने मागे स्लॅबच्या दोन खोल्या काढल्यात. "पंखा लावला तरी गरम वाराच येतोय की," म्हणाल्या. त्यामुळे उन्हाळ्याच्या दुपारी सगळं घर, मुलासकट, जुन्या सोप्यात आडवं होतं. तरी पुढच्या वर्षी जुनं पाडायचं ठरलंय. खारी माती आणायची कुठून आणि वर चढून पसरायची कोणी, या प्रश्नाचं उत्तर घरात कोणाकडेच नव्हतं. मुलगा मला स्लॅबवर पांढरा रंग मारला तर किती फरक पडतो ते विचारत होता. थोडा पडतो, म्हटलं, पण दर वर्षी मारावा लागेल. "म्हणजे परत वर चढायचंच," तो म्हणाला आणि चहा सांगायला आत गेला.