आमची वाटचाल : भुसावळच्या उन्हात बर्फाची पुस्तकं

मे महिन्यात दुपारी एक ते चार आम्ही शटर अर्धं खाली ओढून बसतो. भुसावळात त्या वेळी रस्त्यावर कुत्रंही दिसत नाही. पारा ४५ च्या पुढे गेलेला असतो आणि आत, मागच्या भिंतीच्या कपाटात एव्हरेस्ट, अन्नपूर्णा, नंगा पर्वत, दक्षिण ध्रुव. नवा माणूस हसतोच. "शेठ, इथे बर्फ खपतो का?" खपतो. गोळ्याच्या गाडीइतका नाही, पण खपतो.

दुकान अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी काढलं. ते रेल्वेच्या पार्सल ऑफिसात होते, त्यामुळे कागदोपत्री मालक आई. जूनमध्ये क्रमिक पुस्तकं आणि वह्या, दिवाळीला अंक, बाकी वर्षभर रेल्वे भरतीची गाइडं. जोडीला जुन्या पुस्तकांची खरेदी, कारण साहेब लोकांच्या बदल्या झाल्या की बंगल्यांतून पेट्याच्या पेट्या किलोवर निघत. अशाच एका बंगल्यातून दोन पेट्या इंग्रजी पुस्तकं आली. शेजारच्या फुटाणेवाल्याला पुड्यांसाठी कागद लागायचा. आईने त्यातलं एक जाडजूड पुस्तक त्याच्यासाठी बाजूला काढलं. शेवटच्या पानाला घडी घातलेला नकाशा चिकटवलेला होता. कागद कडक, पुडी झकास झाली असती. अण्णांनी घडी उलगडली आणि तिथेच बसले. इंग्रजी त्यांना बिल्टीपुरतं यायचं, पण नकाशातली तुटक रेघ त्यांना बरोबर कळली. "कॅम्प एक, कॅम्प दोन, कॅम्प तीन. ही तर स्टेशनं आहेत! माल पुढच्या स्टेशनावर टाकायचा, रिकामं मागे यायचं, पुन्हा भरून जायचं." १९५३ च्या एव्हरेस्ट मोहिमेत साडेतीनशेच्या वर हमाल होते, हे मी पुढे कधीतरी त्यांना वाचून दाखवलं, तर म्हणाले, "मग? शिखरावर दोघं गेले, पार्सल साडेतीनशे जणांनी पोचवलं."

पुस्तक पुडीपासून वाचलं. आमचं डोंगराचं कपाट त्या दोन पेट्यांतून सुरू झालं.

मी गल्ल्यावर बसायला लागलो तेव्हा मला वाटायचं, ही पुस्तकं गिर्यारोहक घेतील. हा हिशेब साफ चुकला. चढणारी पोरं झेलम एक्स्प्रेसने नाहीतर पंजाब मेलने उत्तरेला जातात, मनालीला-उत्तरकाशीला कोर्स करून येतात, दुकानात येऊन फोटो दाखवतात, चहा पितात आणि जातात. पुस्तक घेतो तो बसलेला माणूस. लोको शेडमधला फिटर, रात्रपाळीची सिस्टर, बँकेतून निवृत्त झालेले काका.

रावेरकडचे एक केळीवाले बाबा दर महिन्याला मोसंबीच्या रसाच्या निमित्ताने यायचे आणि एक पुस्तक न्यायचे. एकदा काउंटरवर कोपर टेकवून त्यांनी हळूच विचारलं, "भाऊ, एक सांग. तो बर्फ पडतो, तो अंगाला लागतो का?" त्यांनी आभाळातून पडलेला बर्फ पाहिला होता तो फक्त गारपिटीचा, उभ्या बागेच्या पानांच्या चिंध्या करणारा. मी म्हटलं, "नाही हो बाबा, कापसासारखा पडतो." ते थोडं थांबले. "सरकी काढलेल्या, की सरकीसकट?" तेव्हा मीही बर्फ पाहिलेला नव्हता. पुढे रोहतांगला गेलो तेव्हा आल्या आल्या त्यांना सांगितलं, सरकी काढलेल्या.

या प्रश्नामुळे मी अनुवाद वेगळ्या नजरेने वाचायला लागलो. आपल्याकडे बर्फ म्हणजे एकच. भुरभुरतो तोही, फ्रीजमधला तोही आणि शेकडो वर्षं दबून निळा पडलेला हिमनदीतला तोही. ‘तो भेगेत पडला’ असं अनुवादकाने लिहिलं की आमच्या वाचकाला एप्रिलमधली काळी जमीन दिसते, जिच्या भेगेत फार तर चप्पल अडकते. क्रिव्हास, म्हणजे हिमनदीतली भेग, ही विहीर गिळेल एवढी असते, हे मग मला काउंटरवर हात करून सांगावं लागतं. सरळ क्रिव्हास लिहा, वाचक शिकतो, असं माझं मत आहे.

खपाचं म्हणाल तर जिंकल्याच्या पुस्तकापेक्षा परत येण्याचं पुस्तक जास्त जातं. ३ जून १९५० ला हर्झोग आणि लाशनाल हे फ्रेंच गिर्यारोहक अन्नपूर्णेवर पोचले. आठ हजार मीटरच्या वरचं, माणसाने चढलेलं ते पहिलं शिखर. उतरताना हिमदंशाने हर्झोगची हातापायाची बोटं गेली, आणि पुस्तक त्याने रुग्णालयात पडल्या पडल्या सांगून लिहवून घेतलं. लाशनालची डायरी काटछाट न करता छापली गेली ती थेट १९९६ मध्ये, आणि तीच चढाई जरा निराळी दिसायला लागली. मी गिऱ्हाइकाला दोन्ही गोष्टी सांगतो. लपवून काय करायचं? उलट मग दोन्ही पुस्तकं मागतात. तेनसिंगला तर लिहिता येत नव्हतं. त्याने सांगितलं आणि एका अमेरिकन लेखकाने लिहिलं. चढणारा एक आणि लिहिणारा दुसरा, असं या कपाटात बरंच आहे.

बातमी आली की कपाट हलतं. २०२४ च्या सप्टेंबरात एव्हरेस्टच्या उत्तरेकडच्या हिमनदीत आयर्विनचा, म्हणजे १९२४ ला मॅलरीबरोबर एव्हरेस्ट चढताना बेपत्ता झालेल्या गिर्यारोहकाचा बूट सापडला, आत पाऊल, आणि मोज्यावर त्याच्या नावाची शिवलेली पट्टी. शंभर वर्षांनी माणूस ओळखला तो त्या पट्टीवरून! आपल्याकडे परीट खूण करतो तशीच की. महिनाभर दुकानात दुसरा विषय नव्हता. ते दोघं १९२४ ला वर पोचले होते की नाही, यावर फिटर आणि बँकेतले काका अजून एकमेकांशी नीट बोलत नाहीत.

२०१२ च्या मे महिन्यात पुण्याच्या गिरिप्रेमी या गिर्यारोहण संस्थेची तुकडी उमेश झिरपे यांच्या नेतृत्वाखाली एव्हरेस्टवर गेली, तेव्हा लोक पहिल्यांदा मराठी पुस्तक मागायला लागले. मला चढलं. मी सॅक, बूट, दोर असा माल भरला. गिऱ्हाइकं आली, बूट घालून दुकानात चालून बघितले आणि पुस्तक घेऊन गेली. दोन वर्षांनी तो माल निम्म्या किमतीत काढला. एक सॅक अजून वापरतो, बँकेत चिल्लर न्यायला.

त्याहून जिव्हारी लागला तो कूलर. एका उन्हाळ्यात गिऱ्हाइकाला बरं वाटावं म्हणून कूलर डोंगराच्या कपाटासमोर लावला. पंधरा दिवसांत पानं लाटांसारखी वर-खाली झाली. दमट हवेने कागद फुगला होता. घाबरून कूलर हलवला, तर कोरड्या झळांनी कव्हरं आतल्या बाजूला वळली आणि नुसत्या गोंदावर चिकटवलेल्या पुस्तकांचे कणे उघडताच कडकन मोडायला लागले. पानं सुटी होऊन हातात. पेट्यांतली ती जुनी, दोऱ्याने शिवलेली पुस्तकं मात्र जशीच्या तशी. तेव्हापासून मी पुस्तक घेताना आधी कणा उलटा करून शिलाई बघतो, किंमत नंतर.

उधारीबद्दल फार लिहीत नाही. एका वाचनालयाने मोठी यादी दिली आणि अनुदान आलं नाही म्हणून दोन वर्षं पैसे थकवले; त्यांचंही अनुदान खरंच थकलं होतं. २०२० च्या टाळेबंदीत कपाटाचे फोटो काढून व्हॉट्सअ‍ॅपवर टाकले आणि जळगाव, धुळे, शहाद्याहून ऑर्डरी आल्या. तेवढ्यावर त्या वर्षीचं लाइट बिल निघालं.

त्या ऑर्डरींतला एक धडगावकडचा मुलगा पुढे दुकानात आला. सगळं कपाट बघून झाल्यावर म्हणाला, "आमच्या अस्तंब्याचं काही नाही?" नव्हतं. सातपुड्यातल्या त्या शिखरावर धनत्रयोदशीपासून हजारो आदिवासी रात्री मशाली, बॅटऱ्या घेऊन चढतात. डोक्यावरच्या जखमेला तेल मागत हिंडणारा अश्वत्थामा तिथे असतो, अशी श्रद्धा. आमच्यापासून एका दिवसाच्या वाटेवर, आणि माझ्याकडे पेरूमधल्या डोंगरांचं पुस्तक आहे, याचं नाही.

त्याचे आजोबा लहानपणापासून दर दिवाळीला चढतात. लिहिता येत नाही. मुलाने दोन दिवाळ्या त्यांच्या मागे चालून वही भरली: पाणी कुठे, विसावा कुठे, कुठल्या कातळाला काय म्हणतात. आजोबांनी सांगायचं, त्याने लिहायचं. चौसष्ट पानं होतात. प्रकाशन हा आमचा धंदा नाही, बायको म्हणते बूट आठव. तरी ५०० प्रतींचा भाव काढलाय. नकाशा शेवटी, घडी घातलेला. छापखानावाला म्हणतो गोंदावर करू, स्वस्त पडेल. त्याला सांगितलं, शिलाईच मार.