सेवाखंड आणि जुनी पेन्शन

सरकारी नोकरीतली माझी पहिली ऑर्डर 2003 ची, तात्पुरती. अकरा महिने भरले की कागदावर एक दिवस घरी, मग पुन्हा तेच टेबल, तेच कपाट. सेवापुस्तकात मात्र ‘सेवाखंड’. नियमित झालो 2007 मध्ये.

निवृत्ती जवळ आल्यावर ते कोरे दिवस महाग पडताहेत. महाराष्ट्रात 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी रुजू झालेल्यांना जुनी पेन्शन, नंतरच्यांना अंशदायी, म्हणजे पगारातून हिस्सा कापून जमा होणारी. 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांत खंड क्षमापित करायची तरतूद आहे. पण आस्थापनेतला लिपिक विचारतो, “साहेब, मुळात नेमणूक रीतसर निवडीने होती का?” खरी गोम तिथेच. खंड माफ झाला म्हणून आधीची सेवा धरतीलच असं नाही.

“कोर्टात जा, सगळी थकबाकी मिळेल,” असं सहकारी म्हणतात. सगळी कुठली! 2008 च्या तरसेम सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, कोर्टात उशिरा आलेल्याला थकबाकी फार तर याचिकेआधीच्या तीन वर्षांचीच द्यावी. मला थकबाकी नकोच, रुजू झाल्याची तारीख म्हणून 2003 हवं आहे.

खंडाच्या दिवशी हजेरीपटावर माझी सही नाही, पण जावक नोंदवहीत अक्षर माझंच आहे. त्या पानांच्या प्रती माहिती अधिकारात मागितल्यात.