सीडी होऊन बसलेला अडॅप्टर

लालबागमधील एका अभ्यासिकेतील संगणकांची देखभाल मी करतो. गेल्या पावसाळ्यात भिंतीला ओल येऊन तिथली नेटवर्कची वायर निकामी झाली, तेव्हा ग्रंथपाल बाईंनी यूएसबीचा वायफाय अडॅप्टर आणून ठेवला. संगणकावर उबुंटू २२.०४ ही लिनक्स प्रणाली आणि तिचा गाभा म्हणजे ५.१५ हे कर्नल होते. खोक्यावर रिअलटेक ८८११सीयू असे चिपचे नाव होते. या चिपचा ड्रायव्हर, म्हणजे ती चालवणारा प्रोग्राम, मूळ कर्नलमध्ये ६.२ पासून आला असल्याने तो बाहेरून आणावा लागणार हे उघड होते. मोबाइलचे इंटरनेट केबलने संगणकाला देऊन मी लगेच कामाला लागलो.

कर्नल हेडर्स (ड्रायव्हर बांधायला लागणाऱ्या कर्नलच्या फाइल्स) आणि डीकेएमएस (कर्नल बदलले की ड्रायव्हर पुन्हा बांधणारे साधन) टाकून ड्रायव्हर कंपाइल केला. सिक्युअर बूट, म्हणजे सही नसलेला कोड सुरू होऊ न देणारी सोय, चालू असल्यामुळे मॉड्यूलवर (कर्नलमध्ये भरला जाणारा हाच ड्रायव्हर) डिजिटल सही करणे आणि संगणक पुन्हा सुरू करून निळ्या पडद्यावर त्या सहीच्या किल्लीची नोंद करणे आले. यात दोन तास गेले. मॉड्यूल लोड झालेले दिसत होते, पण वायफायचा पत्ता नव्हता.

"दादा, अडॅप्टरच खराब असेल तर बदलून आणू का? पावती आहे माझ्याकडे," बाई म्हणाल्या. मी हो म्हणणारच होतो, इतक्यात फाइल्सच्या खिडकीत डावीकडे सीडीचे छोटे चिन्ह दिसले. या संगणकाला सीडी ड्राइव्हच नाही.

यूएसबीला जोडलेल्या उपकरणांची यादी दाखवणारी एलएसयूएसबी ही आज्ञा मी सर्वांत आधी द्यायला हवी होती. तिने ओळख क्रमांक दाखवला ०बीडीए:१ए२बी. विंडोजचा ड्रायव्हर पोटात घेऊन आलेला हा अडॅप्टर लावल्याबरोबर आपण सीडी असल्याचे सांगत होता, आणि ड्रायव्हर ज्या क्रमांकाची वाट पाहत होता तो यूएसबीवर आलेलाच नव्हता. त्या चिन्हावर उजवी कळ दाबून मी इजेक्ट केले. दोन-तीन सेकंदांत अडॅप्टरवरचा निळा दिवा लुकलुकला, क्रमांक ०बीडीए:सी८११ झाला आणि आसपासच्या चाळींतील वायफायची नावे भराभर उमटली.

मात्र सकाळी अभ्यासिका उघडणाऱ्या बाईंना रोज इजेक्ट करायला सांगणे मला पटेना. हेच काम आपोआप करणारे यूएसबी-मोडस्विच त्या संगणकावर नव्हते. ते टाकून सीडीच्या त्या क्रमांकासाठी नियम लिहिला. संगणक दोनदा पूर्ण बंद करून मी तपासला आणि तिसऱ्यांदा बाईंनाच सुरू करायला लावला. दिवा लागेपर्यंत त्यांनी पावती हातातच धरली होती.