भानगढ: रात्रीच्या शूटिंगसाठी कुणालाही पैसे देऊ नका

भानगढ म्हणजे भुताच्या गोष्टींसाठी प्रसिद्ध असलेला राजस्थानातला ओसाड किल्ला. ‘भानगढला रात्रीची परवानगी काढून देतो’ म्हणणाऱ्याच्या हातावर एक रुपयाही ठेवू नका. आमच्या माहितीपटासाठी एका मध्यस्थाने ८,००० रुपये आगाऊ घेतले. संध्याकाळी फाटकावर पोहोचलो तर त्याचा फोन बंद, आणि पहारेकऱ्याने त्याचं नावही ऐकलेलं नव्हतं. डिसेंबरच्या थंडीत दोन तास गाडीत काढले आणि आल्या वाटेने परत गेलो. अजून संताप होतो.

सूर्योदयापूर्वी आणि सूर्यास्तानंतर हद्दीत यायला मनाई, हा तिथला पुरातत्त्व खात्याचा फलक लोक भुताचा सरकारी पुरावा म्हणून दाखवतात. केवड्याची झाडं खात्याची आहेत, त्यांना इजा करू नका, हेही फलकावर आहे. ते कुणी दाखवत नाही. खात्याच्या बहुतेक वास्तू सूर्यास्तालाच बंद होतात. शिवाय शेजारी सरिस्काचं जंगल आहे, त्यात बिबटे आहेत. रात्रीचा नाद सोडा. दिवसाच्या शूटिंगसाठी खात्याकडे बरंच आधी अर्ज करा. परवानगीशिवाय ट्रायपॉडही लावता येत नाही.

पुढे दिवसा शूटिंग केलं, तेव्हा खरा घाम निघाला तो किल्ल्यातल्या राजवाड्याच्या चढावर. भानगढमधला जौहरी बाजार आणि गोपीनाथ मंदिर मागे पडलं की फरसबंदी सुरू होते. दगड झिजून इतके गुळगुळीत झालेत की पाठीवर कॅमेऱ्याची बॅग असताना मी दोनदा घसरलो. चांगल्या पकडीचे बूट घाला. वरच्या अंधाऱ्या खोल्यांत वटवाघळांच्या विष्ठेचा उग्र वास आहे, मास्क न्याच.

अशाच एका खोलीत आमच्या विद्युतचुंबकीय लहरी मोजणाऱ्या मीटरचे (भूत शोधणारे वापरतात तसल्या) दिवे लाल झाले. सगळे गप्प. मग साऊंडवाल्याच्या खिशातला फोन फ्लाइट मोडवर टाकला आणि दिवे विझले. फोन चालू केला, पुन्हा पेटले. हे तीनदा करून पाहिलं आणि तसंच्या तसं फिल्ममध्ये ठेवलंय. तुम्हीही सगळ्यांचे फोन आधी बंद करा, मगच मीटर काढा.

राणी रत्नावतीवर भाळलेल्या तांत्रिकाच्या शापाने गाव उजाड झालं, ही गोष्ट तिथे जो तो सांगतो. मला मात्र भिडलं ते ओसाड गाव. जयपूरजवळच्या आमेरच्या राजघराण्यातल्या भगवंतदासाने १५७३ मध्ये वसवलेलं, पुढे अकबराचा सेनापती मानसिंह याचा भाऊ माधोसिंह याची राजधानी झालेलं. आणि १७८३ च्या दुष्काळानंतर उरलीसुरली माणसंही निघून गेली. वाइड लेन्स विसरू नका. डिसेंबरात साडेपाचच्या सुमारास सूर्य मावळतो, म्हणून साडेचारलाच राजवाड्यावर थांबा. खाली छपरं नसलेल्या दुकानांच्या दोन रांगा, प्रत्येक उंबरठ्याची लांब सावली, आणि मधल्या रस्त्यावर एकही माणूस नाही. पहारेकऱ्याची शिट्टी वाजली तेव्हा आमचा अकरा मिनिटांचा शॉट झाला होता.