उशीला पोट असतं

गादीवाल्याकडून कापूस पिंजून घेतला, उश्या नव्याने भरल्या आणि त्या इतक्या टम्म झाल्या की घरातले जुने अभ्रे काही केल्या चढेनात. बाजारातून दोन आणले असते तर विषय तिथेच संपला असता. पण आईची एक मऊ सुती साडी गाठोड्यात पडून होती आणि तिचं पायमशीन खिडकीशी होतं, ज्यावर आम्ही वर्षानुवर्षं वर्तमानपत्रं रचत आलोय. म्हटलं, चार बाजूंचं काम, रविवार सकाळ पुरे.

मी टेप उशीवर सरळ धरली. रुंदी १६, लांबी २६. आई पलंगावर मटार सोलत होती, तिथूनच म्हणाली, "अरे, उशीला पोट असतं. पोटावरून माप घे." तसं घेतलं तर १७ आणि २७ भरलं. हा एकेक इंच सोडला असता तर नवे अभ्रेही जुन्यांच्याच वाटेने गेले असते.

मग हिशोब. अभ्रा एकाच लांब पट्टीतून काढायचा होता, म्हणजे तळाला शिवण येत नाही. दोन बाजूंचे २७ आणि २७, उशी बाहेर सरकू नये म्हणून तोंडाशी आत वळणारी झडप ६ इंच, दोन्ही टोकांना दुमडायला एकेक इंच. एकूण ६२. रुंदीला १७ अधिक दोन्हीकडे अर्धा अर्धा इंच माया. शिवणीबाहेर राखून ठेवलेल्या कापडाला माया म्हणतात, हे मला त्या दिवशी कळलं. शिंप्यांनी हा शब्द कुठून उचलला असेल कोण जाणे, पण चपखल आहे.

साडी आधी उजेडाला धरून पाहिली. ती सगळीकडे सारखी विरत नाही. पायाशी, फॉलच्या बाजूला जाळी झाली होती. पन्हा ४५ इंच, त्यातले खालचे ९ काढून टाकले आणि उरलेल्या ३६ मध्ये १८-१८ च्या दोन पट्ट्या बसल्या. नवं कापड असतं तर आधी भिजवून, वाळवून घ्यावं लागलं असतं, नाहीतर पहिल्या धुण्यातच आटतं. या साडीचं जे आटायचं ते केव्हाच आटलं होतं. कात्रीने जरासा काप देऊन फाडली की सुती कापड धाग्याला धरून सरळ फाटतं. टर्रर्र आवाज झाला तेव्हा आईने मान वर केली, बोलली काही नाही.

मशीनने मात्र रडवलं. वरून टीप सुरेख, कापड उलटून बघावं तर खाली दोऱ्याचं घरटं. गुंता खाली म्हणजे दोष खालचा, असं धरून मी बॉबिन, म्हणजे खालच्या दोऱ्याची छोटी रीळ, काढली, पुसली, तेल घातलं, पुन्हा भरली. पुन्हा घरटं. अर्धा तास असाच गेला. शेवटी आई उठून आली आणि तिने वरचा दोरा ओढून पाहिला. तो सैल, अगदी अलगद येत होता. सुईपाशी कापड दाबून धरणारा दाबाचा पाय खाली असतानाच मी दोरा ओवला होता, त्यामुळे तो ताणाच्या दोन चकत्यांमध्ये बसलाच नव्हता. पाय वर करून पुन्हा ओवला आणि खालचा गुंता गेला. खालची गडबड वरून असते, हे यंत्राच्या बाबतीत तरी मला ठाऊक नव्हतं.

दोन्ही टोकं अर्धा अर्धा इंच दोनदा दुमडून टीप मारली, आता बाजू. इथे मी घाई केली. पट्टी सुलट बाजू वर करून पसरली, आधी झडप आत घेतली, तिच्यावर मागची बाजू आणली, दोन्हीकडे टिपा मारल्या. उलटवलं तर झडप बाहेर, तीही उलट्या बाजूने, लहान मुलाने सदरा उलटा घालावा तशी. क्रम चुकला होता. आधी मागची बाजू वर आणायची आणि झडप सगळ्यात शेवटी त्यावर पाडायची, म्हणजे उलटवल्यावर ती आत जाते. आता हे लिहायला सोपं आहे. तेव्हा मी कागदाची पट्टी घेऊन तीनदा घडी घातली, मगच विश्वास बसला.

उसवायला ब्लेड घेतलं आणि एका जागी कापडालाही लागलं.

दुसरा अभ्रा एका दमात झाला. तोंडाशी टीप पुढेमागे दोनदा नेली, कारण उशी कोंबताना सगळा ताण तिथेच येतो. आमचं मशीन फक्त सरळ टीप मारतं, त्यामुळे आतल्या कच्च्या कडा सुटू नयेत म्हणून हाताने गुंडाळून टाके घातले. सर्वांत कंटाळवाणं काम हेच, आणि ते टाळलं तर चार धुण्यांत धागे निघून शिवणीपर्यंत येतात. माझे टाके कुठे दाट, कुठे इंचभर लांब. आतल्या बाजूला आहेत, चालतंय.

पहिलाही मग नीट शिवला. ब्लेड लागलं होतं तिथे आईने चार टाके घालून दिले आणि रात्री तो अभ्रा माझ्याच उशीला चढवला.