अडीच महिन्यांची कबर

दुपारी जेवून आडवं पडलं तरी मला झोप येत नाही, मग मी फोनवर मॅप उघडून समुद्रकिनारे झूम करत बसतो, जायचं कुठेच नसतं. परवा असंच मकाऊवरून डावीकडे सरकता सरकता शांगच्वान नावाचं बेट लागलं, चीनच्या ग्वांगडाँग प्रांतात, तैशानच्या समोर. बीच, हॉटेलं वगैरे सगळं आहे, आणि एका बाजूला किनाऱ्यालगतच्या टेकडीवर एक छोटं चर्च. म्हटलं हे इथे कोणाचं बुवा? तर निघालं आपल्या गोंयच्या सायबाचं!

म्हणजे सेंट फ्रान्सिस झेवियर. 3 डिसेंबर 1552 ला तो तिथे वारला. ख्रिस्ती धर्माचा प्रसार करायला त्याला जायचं होतं चीनमध्ये, पण परदेशी माणसाला आत पाऊल टाकायची बंदी, पोर्तुगीज व्यापारी त्या बेटावर झोपड्या टाकून चोरूनमारून धंदा करायचे. एक चिनी व्यापारी त्याला गुपचूप कँटनला (आताचं ग्वांगचौ) नेऊन सोडणार होता, बदल्यात मिरी घेणार होता. मिरी! आणि तो आलाच नाही. सायब वाट बघत बसला, ताप भरला, 46 व्या वर्षी खेळ खलास, उशाशी अँटोनियो नावाचा एक चिनी ख्रिश्चन पोरगा. शवपेटीत चुना भरून पुरला, का तर मांस लवकर झडावं आणि नुसती हाडं जहाजातून नेता यावीत. फेब्रुवारीत उकरून बघतात तर देह जसाच्या तसा, असं सांगतात. मग मलेशियातलं मलाक्का, तिथे परत पुरला, परत काढला, आणि मार्च 1554 मध्ये गोव्यात.

म्हणजे बेटावरची कबर वापरली जेमतेम अडीच महिने. आणि तिथे दगड कधी बसवला, तर 1639 मध्ये! पोर्तुगीज आणि चिनी दोन्ही भाषांत कोरलाय, की पूर्वेच्या ह्या धर्मदूताला इथे पुरलं होतं. तोपर्यंत हा गोव्यात येऊन पंच्याऐंशी वर्षं झालेली, संतपद मिळूनही सतरा वर्षं होऊन गेलेली. आणि चर्च तर त्याहून उशिरा, 1869 चं.

मला असले दगड वाचायचा नाद आहे. एसटी स्टँडवरचं बाकडं, देवळाच्या पायरीवरची फरशी, वाचनालयाची कोनशिला, कै. अमुकतमुक यांचे स्मरणार्थ, रुपये एकशे एक, सगळं थांबून वाचतो, घरचे पुढे निघून जातात आणि मग फोन करतात. त्यामुळे जिथे आता कोणीच नाही, त्या जागेवर एवढ्या लांब येऊन कोणीतरी दगड उभा केला हे वाचून मला फार बरं वाटलं.

आमचं कुलदैवत मंगेशी. लहानपणी भाड्याच्या मॅटाडोरमधून सगळं खटलं दर्शनाला निघायचं, अभिषेक झाला, जेवणं झाली की उन्हात ओल्ड गोवा, हे ठरलेलं. बाबांनी मला खांद्यावर बसवून सायबाचा देह ठेवलेली ती चांदीची पेटी दाखवली होती. पेटी एवढी उंचावर की चांदीशिवाय काही म्हणजे काही दिसलं नाही, पण मी दिसलं दिसलं म्हणून ओरडलो, उतरायचं होतं मला. गाईड रंगात आलेला. 1614 मध्ये उजवा हात तोडून रोमला नेला म्हणाला, एका बाईनं पायाचं बोट चावून तोडलं म्हणाला, त्या दिवशी रात्री मी जेवलोच नाही. (मलाक्कालाही त्याचा एक पुतळा आहे, त्याचाही उजवा हात गायब. झाड पडून तुटला म्हणतात. काय योग असतात एकेकाचे.)

आजीनं तिथे मेणबत्ती लावली. बाबा भडकले. हळू आवाजात, पण भडकले. इन्क्विझिशन, म्हणजे धर्मद्रोह्यांना शिक्षा करणारं चर्चचं न्यायालय, गोव्यात आणा म्हणून पोर्तुगालच्या राजाला 1546 मध्ये लिहिणारा हाच, आणि तू ह्याच्यापुढे मेणबत्त्या लावतेस? आलं ते 1560 मध्ये, हा गेल्यावर आठ वर्षांनी. आणि त्याच साली आमचा मंगेश झुआरीकाठच्या कुशस्थळीहून निघून प्रियोळला आला, पोर्तुगीजांच्या हद्दीबाहेर, रातोरात आणला म्हणतात. बाबांचं काही चुकत नव्हतं. आजी म्हणाली, "अरे, त्यालाही कुठून कुठून उचलून आणलाय. राहू दे ना एक मेणबत्ती." ह्यावर बाबांकडे उत्तर नव्हतं की त्यांना आजीशी वाद घालायचा नव्हता, मला अजून कळलेलं नाही. पत्र लिहिणाऱ्याला मी तरी माफबिफ केलेलं नाही. पण त्या मिरीची वाट बघणाऱ्या माणसाचं वाईट वाटतं, आणि दोघं एकच आहेत ही पंचाईत.

गोव्यात दर दहा वर्षांनी पेटी खाली काढतात, मागच्या वेळी नोव्हेंबर 2024 ते जानेवारी 2025, लाखो लोक, ऊन, रांगा. मला रांग जमत नाही. त्यापेक्षा ते बेट बरं, रिकाम्या कबरीला कोण रांग लावणार. तैशानहून फेरी जाते म्हणे. पण मला बोट लागते.