ट्रंकेची किल्ली

आमच्या दारामागच्या खिळ्याला शेजारच्या काकूंची जादा किल्ली लटकलेली असते; त्या गावाला गेल्या, की त्यांच्या तुळशीला पाणी घालणे आमच्याकडे. ती किल्ली हातात घेतली, की मला हटकून ‘तमस’ आठवते.

गोविंद निहलानी यांची ही छोटी मालिका १९८८ मध्ये दूरदर्शनवर आली. विषय १९४७ च्या पंजाबातल्या दंगलींचा. नाव काढताच लोकांना आठवतो तो ओम पुरी यांचा नत्थू. पाच रुपयांच्या नोटेसाठी त्याने रात्रभर झटापट करून मारलेले डुक्कर सकाळी मशिदीच्या पायरीवर सापडते, शहर पेटते आणि आपल्या हातून काय घडले, हे बायकोखेरीज कोणाजवळ बोलायचीही त्याला सोय उरत नाही. मला मात्र नत्थूपेक्षा राजो अधिक छळते, कारण तिने स्वतः काहीच केलेले नाही.

दुकान आणि घर सोडून निघालेले म्हातारे हरनामसिंग आणि बंतो (म्हणजे मूळ कादंबरीचे लेखक भीष्म साहनी स्वतः आणि दीना पाठक) एका मुसलमान घराचे दार वाजवतात. घरातले पुरुष बाहेर गेलेले. दार उघडणाऱ्या राजोला त्यांना हाकलवत नाही आणि ठेवून घेण्याचीही धास्ती वाटते. सुनेची नापसंती तर उघडच दिसते. सुरेखा सिक्री यांना या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो ही घालमेल फार न बोलता दाखवल्याबद्दल असावा, असे मला आपले वाटते. पुढे लुटीतली एक ट्रंक घरी येते. कुलूप तोडायची खटपट सुरू होते, तेव्हा आसऱ्याला आलेले ते जोडपेच किल्ली पुढे करते, कारण ट्रंक त्यांचीच असते.

चोरी उघडी पडण्याची इतकी सौम्य रीत मी दुसरीकडे पाहिलेली नाही. किल्ली देणाऱ्याच्या आवाजात राग नाही, उलट चांगले कुलूप फुकट मोडू नये, ही संसारी माणसाची काळजी तेवढी आहे, आणि त्यामुळेच घरातल्यांना कुठे पाहावे ते कळेनासे होते. घरधनी एहसान अली तर हरनामसिंगला ओळखणारा, त्याच्याशी देणेघेणे झालेला. मुलगा कुऱ्हाड उगारतो, पण ती खाली येत नाही.

रात्री राजो दोघांना गावाबाहेर पोहोचवते आणि ट्रंकेत सापडलेले दागिने बंतोच्या हाती ठेवते. ट्रंक घरातच राहते.